शेपटीसकट

शुक्रवारी जेवणाच्या सुट्टीत शिट्टीसाहेबाने ताईच्या डब्यात दोन बोटं घातली, एक कोळंबी बाहेर काढली आणि सगळ्यांना दिसेल अशी वर धरली. रस्सा त्याच्या मनगटावरून ओघळत बाहीत शिरला, पण त्याला त्याची पर्वा नव्हती. एवढा मोठा शोध लावलेल्या माणसाला बाहीची काय पडलेली असते!

"शेवटची कडी ठेवलेली," तो म्हणाला. "शेपूट ठेवलेलं. पाठीवर एकच चीर, एका रेषेत. हा कंपनीचा माल आहे. घरी कोण अशी कोळंबी सोलतं?"

खोलीत चाळीस बायका जेवत होत्या. चाळीसजणींचे घास तोंडातच थांबले.

"साहेब, काल बाजारातून आणलीय मी," ताई म्हणाली. "घरी सोललीय."

"चोर असंच म्हणतो," शिट्टीसाहेब म्हणाला. त्यातला पहिला शब्द त्याने असा ठणकावून म्हटला की बाहेर नळावर क्रेट धुणारे दोघे हमाल दारातून आत डोकावले.

हा कारखाना कोळंबी सोलायचा. सकाळी बर्फात घातलेली कोळंबी क्रेटमधून यायची, बायका ती सोलून साफ करायच्या आणि संध्याकाळपर्यंत ती गोठून, खोक्यांत बंद होऊन दूरच्या गिऱ्हाइकांकडे निघायची. त्या गिऱ्हाइकांना म्हणे कोळंबी शेपटीला धरून खायची असते. म्हणून सोलताना शेपूट आणि त्याच्या वरची कवचाची एक कडी जागेवर ठेवायची, बाकी सगळं कवच काढायचं, पाठीवर सरळ चीर द्यायची आणि आतला काळा दोरा एका ओढीत बाहेर काढायचा. ताई हे काम एकोणीस वर्षं करत होती. नव्या मुलींना सोलायला तीच शिकवायची. शिट्टीसाहेब चार वर्षांपूर्वी बिस्किटांच्या कारखान्यातून सुपरवायझर म्हणून आला होता. काम सुरू करा, काम थांबवा, पाणी प्यायला जा, परत या, सगळं गळ्यातल्या शिट्टीवर. कोळंबीबद्दल त्याला एवढंच ठाऊक होतं की ती मोजता येते.

आता एकोणीस वर्षं रोज हजारो कोळंब्या एकाच पद्धतीने सोलणारा हात घरी ओट्यापाशी उभा राहिला की वेगळा कसा वागेल? टायपिंग करणारा माणूस घरी आल्यावर काय दुसऱ्या बोटांनी लिहितो? ताईला स्वतःलाही कधी लक्षात आलं नव्हतं की आपण घरीही कडी ठेवतो. ते लक्षात आणून दिलं होतं ठेंगणीने. ठेंगणी म्हणजे ताईच्या समोर उभी राहून सोलणारी, अकरा वर्षांपासूनची मैत्रीण. मागे एकदा ती ताईच्या घरी गेली होती. ताई ओट्यापाशी कोळंबी सोलत असताना बघून ती पोट धरधरून हसली होती. "अगं, घरी पण कडी ठेवतेस? इथे कोण तपासायला येणार आहे तुझं?" असं म्हणाली होती आणि मग दोन वाडगे रस्सा चापून घरी गेली होती.

म्हणजे शुक्रवारी त्या खोलीत एक बाई अशी होती जिने एक वाक्य बोललं असतं तर सगळं तिथल्या तिथे मिटलं असतं. ती बाई ताईच्या शेजारीच बसली होती. तिच्या भातावरही ताईच्याच डब्यातला रस्सा होता. ताईने तिच्याकडे पाहिलं. ठेंगणीने मान खाली घातली आणि भात कालवायला घेतला. आधीच कालवलेला भात ती पुन्हा कालवत राहिली.

बाकीच्या अडतीसजणीही मूग गिळून गप्प. ताईच्या डब्यात रोज चार हात जायचे, सगळ्यांना तिच्या हातची चव पाठ होती, पण त्या दिवशी कुणाच्या तोंडून चकार शब्द निघाला नाही. शिट्टीसाहेबाने डबा जप्त केला, त्याचा फोटो काढला, ताईला चौकशी होईपर्यंत घरी बसायला सांगितलं आणि शिट्टी वाजवली. सुट्टी संपली होती.

ताई घरी चालत आली. रस्ताभर तिच्या डोक्यात एकच शब्द घणासारखा पडत होता. नुसती नोकरी गेली असती तर ती रडून मोकळी झाली असती. पण चोर म्हणून हाकललेल्या बाईला त्या पट्ट्यातला कुठलाही कारखाना दारात उभं करत नसे. फाटकावरच्या फळ्यावर नाव लागायचं आणि पावसाने धुऊन जाईपर्यंत तसंच राहायचं. आणि तेही सोडा. तिने आयुष्यात कुणाचा खिळा उचलला नव्हता. मुलगा परगावी शिकायला गेला त्या दिवशी तिने त्याला दुसरं काही सांगितलं नव्हतं, एवढंच सांगितलं होतं. आता त्याला काय सांगायचं?

नवरा लिफ्ट दुरुस्त करायचा. दिवसभर लोकांना वरखाली न्यायचं यंत्र नीट करून तो घरी आला की त्याला फक्त शांतता हवी असायची. त्याने सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाला, "जाऊ दे."

"काय जाऊ दे?"

"म्हणजे, होईल चौकशी. बघू."

"तुझ्या तोंडात दुसरा शब्दच नाही का रे? उद्या घराला आग लागली तरी जाऊ दे म्हणशील!"

"आईला कळू देऊ नकोस एवढंच," तो हळू आवाजात म्हणाला. "तिचं ब्लडप्रेशर माहितीय ना."

सासूबाई पलीकडच्या खोलीत रेडिओ लावून बसल्या होत्या. त्यांना काही कळलं नाही.

शनिवारी ताई सरळ कारखान्याच्या ऑफिसात मोठ्या साहेबांकडे गेली. बसा म्हणेपर्यंतही थांबली नाही. "चौकशी काय करायची ती करा, पण माझ्या घरी येऊन करा," ती म्हणाली. "अख्खी कोळंबी द्या मला, डोक्यासकट, कवचासकट. तुमच्यासमोर सोलते, तुमच्यासमोर शिजवते. डब्यातल्या कोळंबीशी ताडून बघा. जुळली नाही तर स्वतःच्या हाताने फळ्यावर नाव लिहीन."

मोठ्या साहेबांच्या टेबलावर पंधरा दिवसांत पाठवायच्या मालाचा कागद होता आणि हात कमी पडत होते. ताईसारखा हात तर दुसरा नव्हताच. त्यांनी शिट्टीसाहेबाला बोलावलं, रविवारी जाऊन बघून यायला सांगितलं आणि सोलणाऱ्या बायकांपैकी एखादी साक्षीदार म्हणून न्यायला सांगितलं. शिट्टीसाहेबाने सगळ्यांत गरीब बाई निवडली. ठेंगणी.

घरी सासूबाईंना एवढंच सांगितलं गेलं की कारखान्याचे साहेब रविवारी जेवायला येणार आहेत. त्या हरखून गेल्या. कपाटातल्या वरच्या फळीवरची निळ्या काठाची ताटं काढली, स्वतः पुसली. "एवढी वर्षं काम केलं त्याचं चीज झालं बघ," त्या सुनेला म्हणाल्या. "साहेब आपणहून घरी येतो म्हणजे काय!" ताईने दातावर दात दाबून कांदे निवडले.

रविवारी अकरा वाजता शिट्टीसाहेब आला. हातात प्लॅस्टिकची पिशवी होती, तीत एक किलो कोळंबी. त्याने स्वतः आणली होती, म्हणजे लबाडीला जागा नको. मागे ठेंगणी, नव्या कपड्यांत, नजर जमिनीला खिळवून. तीन माणसं त्या स्वयंपाकघरात उभी राहिली की चौथ्याला श्वास घ्यायला जागा उरायची नाही. नवरा दारातच थांबला.

ताईने पिशवी ओट्यावर ओतली आणि नाक जवळ नेलं.

"ही कधीची?"

"ताजी आहे. आजची."

"कालची आहे," ताई म्हणाली. "आणि ह्या सात परवाच्या आहेत. डोकी बघा, मानेपासून सुटलीत, काळी पडलीत. चार वर्षं कोळंबीच्या कारखान्यात आहात ना तुम्ही?"

तिने त्या सात बाजूला सारल्या. शिट्टीसाहेबाने खाकरल्यासारखं केलं आणि फोनवरचा फोटो उघडून हातात धरला. "सुरू करा," तो म्हणाला. घरात शिट्टी वाजवता येत नव्हती, नाहीतर वाजवली असती.

ताईने सुरी घेतली. डोकं मोडलं, कवच सोललं, कडी ठेवली, चीर दिली, दोरा ओढला. दुसरी. तिसरी. तिच्या मनात एवढा जाळ पेटला होता की बोटं थरथरायला हवी होती, पण बोटं तिला विचारत नव्हती. त्यांचं काम चालू होतं. डोकी आणि कवचं एका वाडग्यात, सोललेली कोळंबी दुसऱ्यात. दहाव्या मिनिटाला वाडगा निम्मा भरला आणि प्रत्येक कोळंबीच्या टोकाला शेपूट पंख्यासारखं उघडलेलं होतं, त्याच्यावर एकच कडी.

शिट्टीसाहेबाने फोटो जवळ नेऊन पाहिला. मग म्हणाला, "हे तर तुम्ही मुद्दाम करताय. मी समोर आहे म्हणून कारखान्यासारखी सोलताय. घरी एरवी अशी सोलत असाल कशावरून?"

ताईच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तिने ठेंगणीकडे पाहिलं. आता तरी बोलेल. ठेंगणी भिंतीवरच्या कॅलेंडरमधले वार वाचत होती.

तेवढ्यात सासूबाई पाण्याचे पेले घेऊन आत आल्या. साहेबांना पेला दिला, गोड हसल्या, आणि सवयीने सुनेच्या वाडग्यात डोकावल्या. हसू गेलं.

"आजसुद्धा?" त्या म्हणाल्या. "अगं, घरात साहेब जेवायला आलेत, आज तरी शेपट्या काढायच्या! किती वर्षं घसा कोरडा केला मी, दाताखाली येतात, टाळ्याला टोचतात, ताटाच्या कडेला ढीग लागतो. ऐकेल तर शपथ. साहेब, तुम्हीच सांगा हिला. मागच्या खेपेला माझी कवळी त्या कडीत अडकली होती, आठवडाभर जेवले नाही मी नीट!"

दारातून नवरा म्हणाला, "दीड दिवस, आई."

"तू गप्प बस. आठवडा होता."

शिट्टीसाहेब पेला हातात धरून उभा होता. "म्हणजे ह्या बाई घरी नेहमी अशीच सोलतात?" त्याने विचारलं.

"नेहमी म्हणजे? हिच्या हातून एक शेपूट निघालेलं दाखवा आणि माझं नाव बदला."

"हो साहेब," ठेंगणी हळूच म्हणाली. "घरी पण अशीच सोलते ती. मी बघितलंय."

ताईने सुरी ओट्यावर ठेवली. आवाज जरा मोठा झाला. बोलायला सोपं झाल्यावर बोललीस, असं तिच्या अगदी ओठावर आलं होतं. पण सासूबाई समोर होत्या, म्हणून तिने गिळलं आणि गॅस पेटवला.

मग तिने स्वयंपाक केला. चौकशी खरं तर तिथेच संपली होती, पण तिने म्हटलं होतं सोलते आणि शिजवते, आणि ती बोलल्याप्रमाणे करणारी बाई होती. शिवाय त्या घडीला काहीतरी ठेचायला, चिरायला, तळायला मिळालं नसतं तर ती कुणाच्या तरी अंगावर धावून गेली असती.

कढईत तेल तापवून तिने आधी डोकी आणि कवचं टाकली. लोक तीच फेकून देतात आणि मग रश्श्याला चव नाही म्हणून रडतात. कवचं लाल झाली, तेलही लालसर झालं, तेव्हा तिने पळीच्या पाठीने डोकी दाबून दाबून चेचली, आतला सगळा अर्क निघेपर्यंत. वर पाणी ओतलं, उकळू दिलं, गाळून घेतलं. सोललेल्या कोळंबीला हळद, मीठ आणि लिंबू चोळून बाजूला ठेवलं. कांदा इतका बारीक चिरला की तो परतता परतता विरघळून जावा. तो तपकिरी झाल्यावर लसूण, आलं, भिजवून वाटलेल्या लाल मिरच्या आणि धणे. त्यावर टोमॅटो. मसाल्याने तेल सोडलं तसा दाराशी बसलेल्या शिट्टीसाहेबाने खुर्ची थोडी पुढे ओढली. मग कवचांचं पाणी, दहा मिनिटं उकळी, आणि शेवटी नारळाचं दाट दूध, आच बारीक करून.

कोळंबी सगळ्यांत शेवटी टाकली. तीन मिनिटं, जास्त नाही. अर्ध्या चंद्रासारखी वळली की उतरवायची, पुरती गोल झाली की ती रबर झाली समजायचं. ताईने घड्याळ पाहिलं नाही. झाकण काढलं तेव्हा वास स्वयंपाकघरातून बाहेरच्या खोलीत, तिथून जिन्यात गेला, आणि वरच्या मजल्यावरची शेजारीण उगाचच काहीतरी विचारायला खाली येऊन गेली.

निळ्या काठाची ताटं दारापलीकडच्या टेबलावर मांडली गेली. शिट्टीसाहेब पहिला घास खाऊन थांबला. दुसरा खाऊन त्याने डोळे मिटले. मग त्याने बोलणंच सोडून दिलं. तिसऱ्यांदा रस्सा घेतला, शेपट्या चोखून ताटाच्या कडेला ओळीने लावल्या, बोटं चाटली. ताई जेवायला बसली नव्हती. ती ओट्याला टेकून उभी होती आणि वाट पाहत होती.

"मानलं बुवा," शेवटी तो म्हणाला. "काय चव आहे! उद्यापासून या कामावर. झालं गेलं विसरून जा."

"मग उद्या सकाळी सांगाल ना सगळ्यांना?"

"काय?"

"मी चोरी केली नव्हती म्हणून."

"अहो, मी अहवाल लिहितो ना ऑफिसात. लेखी असतं सगळं."

"चोर काय लिहून म्हणाला होतात?" ताई म्हणाली. "तोंडाने म्हणालात. चाळीसजणींसमोर. तसंच तोंडाने सांगा."

सासूबाईंचा घास हातात राहिला. "चोर?" त्या म्हणाल्या. "कोण चोर?"

नवऱ्याने कपाळाला हात लावला. सासूबाईंनी एकेकाच्या तोंडाकडे पाहिलं आणि त्यांना सगळं उमगलं. "हिला?" त्या म्हणाल्या. "हिला चोर म्हणालात तुम्ही? अहो, हिला साधं खोटं बोलता येत नाही! माझा चहा चांगला झालाय एवढं म्हण म्हटलं तर म्हणत नाही ही भवानी. आणि मी मूर्ख तुमच्यासाठी ताटं पुसत बसले!"

शिट्टीसाहेब कानकोंडा झाला, पण समोर रस्सा होता आणि माणूस पोटापुढे निर्लज्ज होतो. त्याने समजुतीचा सूर लावला. "आजी, गैरसमज होता, मिटला. आणि रागावता कशाला? मी तर उलट कौतुक करतोय. घरीसुद्धा एक कडी इकडची तिकडे नाही! शेवटी हात कंपनीनेच घडवलाय ना. हात आमचाच म्हणायचा." आणि तो स्वतःच्याच बोलण्यावर हसला आणि पातेल्यातल्या पळीकडे हात नेला.

ताई ओट्यापासून निघाली, दोन पावलांत टेबलापाशी आली आणि त्याच्या पुढ्यातलं ताट उचललं. भात, रस्सा, न खाल्लेल्या चार कोळंब्या, सगळ्यासकट.

"हात माझा आहे," ती म्हणाली. "तुमच्याकडे आठ तास असतो. आज रविवार आहे. उठा."

"अगं, जेवत्या माणसाला..." नवरा म्हणाला.

"जाऊ दे म्हण. म्हण ना!"

नवऱ्याने ते गिळलं. उठून त्याने बाहेरचं दार उघडलं आणि उघडंच धरून उभा राहिला. लग्नाला बावीस वर्षं झाली होती, त्यात तो इतका पटकन कधी उठला नव्हता. सासूबाईंनी पातेलं स्वतःकडे ओढून त्यावर झाकण ठेवलं. शिट्टीसाहेब उष्ट्या हातानेच जिना उतरला. ठेंगणीही अर्धवट उठली, तेव्हा ताई तिच्याकडे न बघता म्हणाली, "तू जेव. तुझ्या खाण्याला मी कधी आडवी आलेय?"

ठेंगणी बसली आणि आधीच कालवलेला भात पुन्हा कालवत राहिली.

सोमवारी सकाळी फाटकावरच्या पहारेकऱ्याने ताईला आत सोडलं. फळ्यावर नाव नव्हतं. म्हणजे नोकरी होती. कुणाही शहाण्या बाईने टोपी, मास्क, हातमोजे चढवून मुकाट कामाला सुरुवात केली असती. ताईने टोपी घातली, मास्क लावला, गमबूट घातले, आपल्या जागेवर जाऊन उभी राहिली. क्रेट आले. बर्फाखाली राखाडी, चमकदार कोळंबी. शिट्टी वाजली. एकोणचाळीस सुऱ्या चालू झाल्या. ताईने हात टेबलावर ठेवले आणि तसेच राहू दिले.

पाच मिनिटांनी शिट्टीसाहेब आला. "काय झालं? सुरू करा."

"आधी तुम्ही."

त्याला कळलं. त्याने मागे पुढे पाहिलं. "इथे तमाशा नको. माल खराब होईल."

"होऊ दे. बर्फ वितळायला वीस मिनिटं आहेत. तुम्हाला बोलायला अर्धं मिनिट लागेल."

शेजारच्या दोन-तीन सुऱ्या मंदावल्या. शिट्टीसाहेब तिच्याजवळ वाकला आणि दातांतल्या दातांत म्हणाला, "ठीक आहे. तुम्ही काही घेतलं नव्हतं. झालं?"

"ऐकू आलं नाही," ताई म्हणाली.

"गैरसमज झाला होता," तो थोडा मोठ्याने म्हणाला.

"कुणाला झाला होता? मला तर झाला नव्हता. आणि अजूनही ऐकू आलं नाही. शुक्रवारी तुमचा आवाज नळापर्यंत पोचला होता."

आता हॉलमध्ये एकही सुरी चालत नव्हती. फक्त गोठवणीच्या यंत्राची घरघर आणि क्रेटमधून टपकणारं पाणी. शिट्टीसाहेबाचा हात शिट्टीकडे गेला. पण सगळे थांबलेलेच असताना शिट्टी वाजवून काय होणार? त्याने क्रेटकडे पाहिलं, भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं, वर ऑफिसच्या काचेकडे पाहिलं. काचेमागे मोठे साहेब उभे होते आणि त्यांच्या हातात पाठवायच्या मालाचा तोच कागद होता.

"शुक्रवारी मी ह्यांना चोर म्हणालो," तो म्हणाला, आणि ह्या वेळी ते शेवटच्या टेबलापर्यंत गेलं. "त्यांनी चोरी केली नव्हती. माझं चुकलं."

कुणीतरी टाळी वाजवली. मग आणखी कुणीतरी. ओले हातमोजे घातलेल्या टाळ्यांचा फटफट आवाज सगळ्या हॉलभर झाला, बायका मास्कमागे हसायला लागल्या, एक जण म्हणाली, "वा ताई!" समोरून ठेंगणीने डोळे बारीक करून हसून पाहिलं. सगळं छान झालं होतं. सगळ्यांना वाटत होतं, आता ताईही हसेल.

ताई हसली नाही. तिचा राग उतरला नव्हता. उलट टाळ्या ऐकून तो जास्तच भडकला.

"टाळ्या नकोत," ती म्हणाली, आणि ती चाळीसजणींच्या हॉलला ऐकू जाईल अशी बोलली. "साहेबाला माहीत नव्हतं. बिस्किटवाला माणूस, त्याला काय कळतंय. तुम्हाला माहीत होतं. माझ्या डब्यात रोज तुमचे हात असतात. तुमच्यातल्या निम्म्या माझ्याकडून सोलायला शिकल्यात. शुक्रवारी एकीची तरी जीभ उचलली गेली? तो बोलला. आता तुम्ही बोला. त्याशिवाय मी सुरी उचलत नाही."

टाळ्या थांबल्या. बायकांनी माना खाली घातल्या, अगदी शुक्रवारसारख्याच. यंत्र घरघरत राहिलं. एका क्रेटमधला बर्फ खचला आणि वरची कोळंबी घसरून टेबलावर आली.

ठेंगणीने मास्क खाली ओढला.

"मी बघितलं होतं तुला घरी सोलताना," ती म्हणाली. "तो बोलला तेव्हाच मला आठवलं. माझ्या तोंडात तुझाच घास होता. मला वाटलं, मी बोलले तर माझंही नाव लागेल. मी गप्प बसले, ताई. मला सगळं माहीत असून मी गप्प बसले."

ताई तिच्याकडे बघत राहिली. माफ केलं असं ती म्हणाली नाही, कारण केलं नव्हतं. मग तिने मान वळवली आणि पुढच्या बाईकडे पाहिलं.

"आता तू," ती म्हणाली.